गच्चीवरच्या दोन खोल्या

२० सप्टेंबर १९९८, रविवार. सांगली

पुष्कर काल पुण्याहून आला तो कॉम्प्युटर घेऊनच. त्याच्या कंपनीनं नवे घेतले आणि जुने कर्मचाऱ्यांना देऊन टाकले. आज सकाळी त्यानं समोरच्या खोलीत माझं रेखाटनाचं टेबल भिंतीकडे सरकवलं आणि त्यावर तो मांडला. मला विचारलं नाही, पण टेबलावर गेली तीन वर्षं वर्तमानपत्रांशिवाय काही नव्हतं, तेव्हा तक्रार कशाला करू.

"बाबा, पाटबंधारे खात्यात छत्तीस वर्षं तुम्ही लोकांची क्वार्टर्स काढलीत. आता स्वतःचं घर काढा," असं म्हणून त्यानं एक तबकडी आत सरकवली. घर बांधायचा खेळ आहे. पडद्यावर आलेखाच्या कागदासारख्या चौकटी येतात. माऊसनं भिंत ओढायची, दार बसवायचं, खिडकी बसवायची. मग बाजूच्या यादीतून पलंग, टेबल, दिवे उचलून खोलीत ठेवायचे.

दुपारी त्यानं माझे पाय दाबून दिले. त्याची आई सुहासिनी गेल्यापासून दीड वर्ष तो महिन्यातून एकदा येतोच, आणि माझ्या गोळ्या मोजून डबीत भरून जातो. असा मुलगा किती जणांना मिळतो?

२ ऑक्टोबर, शुक्रवार

खेळ जमू लागला. पहिल्यांदा हेच घर जसंच्या तसं काढलं: समोरची खोली, मधली खोली, स्वयंपाकघर, वर नुसती गच्ची. मग स्वयंपाकघराच्या पूर्वेच्या भिंतीत खिडकी पाडली. सुहासिनी ती खिडकी वीस वर्षं मागत होती आणि मी तिला भिंतीवर वरचा भार आहे, असं सांगत होतो. भार होता हे खरं. पण तुळई टाकून भागलं असतं हेही खरं. आज खिडकी झाली. ना धूळ उडाली, ना गवंडी लागला.

नंतर गच्चीवर दोन खोल्या चढवल्या. एक पुष्कर आणि मयूरीची, बारा बाय चौदा. एक अपूर्वाची, दहा बाय दहा. नातीच्या खोलीत अभ्यासाचं टेबल उत्तरेच्या उजेडात ठेवलं. यादीत हिरव्या टोपीचा एक दिवा आहे, तोही ठेवला. जेवायचं राहिलं हे तीन वाजता लक्षात आलं.

२१ ऑक्टोबर, बुधवार

मुलं दिवाळीला आली आहेत. मयूरीचा डावा हात प्लास्टरमध्ये आहे. बाथरूममध्ये पाय घसरला म्हणाली. गणपतीत आली तेव्हा कपाळाला टेंगूळ होतं, ते कपाटाचं दार लागून. त्याआधी उन्हाळ्यात ओठ फुटला होता, तोही बाथरूममध्येच. बांधणाऱ्यानं गुळगुळीत फरशा बसवलेल्या दिसतात. मी पुष्करला म्हणालो, "अरे, फरशा बदलून घे. खरबरीत घाल." तो म्हणाला, "घेतो बाबा." मयूरी करंज्या तळत होती, तिनं मान वर केली नाही. मी खेळातल्या घराच्या मोरीला खरबरीत फरशी आणि भिंतीला धरायला दांडा लावून टाकला.

अपूर्वा दिवसभर माझ्या शेजारी स्टूल घेऊन बसली होती. आठ वर्षांची पोर, पण नजर आरेखकाची आहे. तिच्या खोलीत तिनं दिवा, पुस्तकांची मांडणी, फ्रिज आणि दोन पलंग ठेवले.

"दोन कशाला गं?"

"एक आईचा."

"आणि बाबांची खोली?"

तिनं ती उचलून घराच्या पार दुसऱ्या टोकाला नेली. बरोबर आहे, त्याला ऑफिसचं काम घरी आणावं लागतं, शांतता हवी. मग तिनं विचारलं, "आजोबा, ह्या दाराला आतून कडी लावता येते?"

यादी वरपासून खालपर्यंत बघितली. कडी नव्हती. तिनं थोडा विचार केला आणि दारच काढून टाकलं. चारी बाजूंनी भिंत. मी तिला समजावलं की दाराशिवाय खोलीला खोली म्हणत नाहीत, माणूस आत जाणार कसं? ती म्हणाली, "आम्ही आधीच आत आहोत."

दुपारी तिच्या हातून फराळाची ताटली पडली. पुष्करनं वर्तमानपत्रातून नुसतं वर बघितलं. लगेच मयूरी एका हातानं केरसुणी घेऊन दोघांच्या मधे येऊन उभी राहिली, आणि पोरगी तर मूर्तीसारखी स्तब्ध. घरात शिस्त चांगली आहे.

१५ नोव्हेंबर, रविवार

पुष्करचा फोन आला. मयूरीला साताऱ्यात एका शाळेत नोकरी लागली आहे. अपूर्वाला घेऊन ती तिकडे गेली. माहेर तिथलंच, तेव्हा सोय होईल. "तात्पुरतं आहे," म्हणाला. त्याचा आवाज बसला होता. सर्दी असावी.

पुढं म्हणाला, "मी इकडचा फ्लॅट सोडतो बाबा. सांगलीच्या शाखेत बदली मागितली आहे. आपण सगळे एकत्रच राहू. ती पण येईल मग."

मी फोन ठेवला. एकत्र. मग कॉम्प्युटर लावून गच्चीवरच्या दोन खोल्यांची मापं कागदावर उतरवून घेतली. टी-स्क्वेअर कपाटावर होता, त्यावर कोळ्यानं जाळं केलं होतं. निवृत्तीची ठेव दुसऱ्या कशासाठी ठेवायची?

९ डिसेंबर, बुधवार

काम सुरू झालं. गवंडी आकाराम पलूसचा आहे, बायको शालूबाई त्याच्याबरोबरच काम करते. दोघं सकाळी एसटीनं येतात. आकाराम कमी बोलतो. माझा नकाशा बघून एवढंच म्हणाला, "सायेब, कागूद लय भारी काढलायसा. पर जिन्याचं वळान आखूड हाय. कपाट वर जायचं न्हाई." मोजून बघितलं, तो म्हणत होता तेच बरोबर. खेळात कपाट जिन्यानं न्यावं लागत नाही, थेट खोलीत येतं. मी वळण दीड फुटानं वाढवलं.

शालूबाई विटा वर देताना सारखं काही ना काही विचारते. कुणासाठी बांधताय, सून काय करते, नात कितवीला. मी सगळं सांगितलं. दिवसभर घरात बोलणं चालू असलं की बरं वाटतं.

२३ डिसेंबर, बुधवार

पुण्याहून टेम्पो आला. पलंग, गाद्या, अपूर्वाचं टेबल आणि लाकडी कपाट. पुष्कर बरोबर नव्हता, सामान तेवढं पाठवलं. वरच्या खोल्यांचं काम अजून अर्ध्यावर आहे म्हणून सगळं मधल्या खोलीत ठेवलं. शालूबाई कपाट पुसायला बसली आणि थोड्या वेळानं तिनं मला हाक मारली.

कपाटाचं दार उघडून ती तशीच बसली होती. दाराला आतल्या बाजूनं कडी होती. बाहेरून नव्हे, आतून. छोटी, पितळी, सुतारानं न बसवलेली. स्क्रू तिरके गेले होते आणि एक तर अर्धाच आत होता. जमिनीपासून दोन फुटांवर. खालच्या कप्प्यात एक उशी आणि पाण्याची रिकामी बाटली.

मी म्हणालो, "कुणी तरी उलटी बसवली. अडाणी काम."

शालूबाई कडीवरून बोट फिरवत राहिली. मग म्हणाली, "आवं सायेब, तुमच्या सुनंला कोन मारतंय?"

मला राग आला. म्हणालो, "काय बोलतेस तू? कुणाच्या घराबद्दल बोलतेस?"

"माजी पूजा सासरी चुलीमागं जाऊन बसायची," ती म्हणाली. "आमाला वाटायचं, पोरीला थंडी वाजती."

मी तिला उद्यापासून येऊ नकोस म्हणून सांगितलं. आकारामनं खालून ऐकलं असणार. त्यानं थापी धुतली, पिशवीत टाकली आणि दोघं गेली.

२४ डिसेंबर, गुरुवार

आकाराम एकटा आला. काम धिम्यानं.

अडाणी काम, असं काल मी लिहिलं. अपूर्वाची उंची चार फूट एक इंच. कपाटात बसली तर हात दोन फुटांवर येतो. एवढंच मोजलं. पुढचं मोजत नाही.

४ जानेवारी १९९९, सोमवार

पुष्करचा फोन. मयूरी त्याचा फोन घेत नाही. माहेरचे लोक ती कुठं राहते ते सांगत नाहीत. "तुम्ही जा बाबा. तुमचं ऐकेल ती. खोल्या बांधल्यात, सांगा. पत्ता मिळाला की मला कळवा, मी लगेच येतो."

मी विचारलं, "भांडण झालंय का तुमचं?"

"कुठल्या घरात होत नाही?" तो म्हणाला. खरंच आहे. मी आणि सुहासिनी एका खिडकीवरून वीस वर्षं भांडलो. मी तिच्यावर कधी हात उचलला नाही. मी हे वाक्य का लिहिलं?

१७ जानेवारी, रविवार

आज साताऱ्याला जाऊन आलो. मयूरीच्या माहेरच्या पत्त्यावर पत्र टाकलं होतं, त्यांनी ते तिला दिलं आणि तिचं उत्तर आलं: एकटे येणार असाल तर या. शनिवार पेठेत एका घराच्या मागच्या बाजूला एक खोली आहे. दहा बाय अकरा. डोळ्यांनीच मोजली, सवय जात नाही.

दार उघडल्यावर मी आत पाय टाकणार तोच अपूर्वा ओरडली, "आजोबा, भिंत आहे तिथं."

जमिनीवर खडूनं रेघा ओढल्या होत्या. हे स्वयंपाकघर, ही आईची खोली, ही माझी, हा व्हरांडा. प्रत्येक खोलीला दाराची जागा मोकळी सोडली होती. स्टोव्ह खरोखरच स्वयंपाकघरात होता. "माझी खोली" म्हणजे चटईएवढी जागा, तिथं तिची वह्यांची चळत आणि खोक्यावर ठेवलेला चिमणीचा दिवा. मी चपला काढल्या, व्हरांड्यातून दारापाशी गेलो आणि विचारलं, "येऊ का?" तिनं "या" म्हटल्यावर आत गेलो. मयूरीही रेघ ओलांडत नव्हती. स्टोव्हकडे जायचं तर ती वळसा घालून दारानं जात होती.

तिनं चहा ठेवला. हाताचं प्लास्टर निघालं आहे, मनगट अजून जरा वाकडं वाटतं. मी येताना सगळं ठरवून आलो होतो. खोल्या झाल्या, एकत्र राहू, मी आहे ना. त्यातलं काहीच तोंडाबाहेर पडेना. बोललो ते हे: "खालच्या मोरीत खरबरीत फरशी घालून घेणार आहे. पाय घसरायचा नाही."

मयूरीनं चहा गाळला. कप माझ्यापुढं ठेवला. म्हणाली, "बाबा, पुण्याच्या बाथरूमची फरशी चांगली होती."

ती उभीच होती.

"पोरीवरही हात उचलला?" मी शेवटी विचारलं.

"एकदा. नोव्हेंबरात. दुसऱ्या दिवशी मी निघाले."

"मला का नाही सांगितलंस?"

"आईंना सांगितलं होतं. त्या म्हणाल्या, मी ह्यांच्याशी बोलते. नंतर म्हणाल्या, बोलले गं, त्यांच्या लक्षात येत नाही. तू नोकरी शोध."

सुहासिनी बोलली होती. मला आठवतं. आजारपणात, पलंगावर पडल्या पडल्या म्हणाली होती, "पुष्करशी एकदा बोला. त्या घरात ठीक नाही." मी त्याला फोन करून विचारलं होतं, की भिंतीला ओल येते का.

निघताना अपूर्वानं विचारलं, "वरची खोली खरी बांधली? माझी?" मी हो म्हणालो. "किती मोठी?" दहा बाय दहा. तिनं आपल्या खडूच्या खोलीकडे बघितलं. मी न्यायला येईन असं तिला वाटलं असावं, किंवा न्यायला येईन अशी भीती वाटली असावी. मला ओळखता आलं नाही.

मयूरी फाटकापर्यंत आली. "पत्ता—" एवढंच म्हणाली.

"देणार नाही," मी म्हणालो.

२० जानेवारी, बुधवार

पलूसला जाऊन आलो. शालूबाई अंगणात शेंगा फोडत बसली होती. मी म्हणालो, "मी चुकलो. तू म्हणालीस तेच खरं होतं." ती उठली नाही. सूप थोडं बाजूला सरकवून मला बसायला जागा केली.

"तुमी चुकला न्हाईसा," ती म्हणाली. "तुमास्नी दिसलं न्हाई. दिसाय नगं हुतं."

पूजाचं काय झालं ते विचारायचं धाडस झालं नाही. घरात तिचा फोटो होता, हार घातलेला.

२६ जानेवारी, मंगळवार

पुष्कर आला. सरळ वर गेला. भिंतींवरून हात फिरवला, खिडक्या उघडल्या, खाली येऊन माझ्या पाया पडला. "बाबा, काय सुंदर केलंत. पलंग इथं, कपाट त्या भिंतीला." मी कपाट मधल्या खोलीत उघडंच ठेवलं होतं. त्यानं तिकडे बघितलं आणि नजर वळवली. म्हणजे कडी त्याला माहीत होती.

"तू मारतोस तिला?"

तो खुर्चीवर बसला. "तिनं सांगितलं?"

"मी विचारतोय."

"दोनदा. फक्त दोनदा, बाबा. तिची बोलण्याची पद्धत तुम्हाला माहीत नाही. मी थकून आलेला असतो." मग तो रडायला लागला. लहानपणी रडायचा तसाच, मुठी डोळ्यांवर ठेवून. माझा हात आपोआप त्याच्या डोक्याकडे गेला. ठेवला नाही.

"ओठ, कपाळ, हात," मी म्हणालो. "तिन्ही मी पाहिलेत. तारखा लिहिल्यात मी. आणि अपूर्वा वेगळी."

त्यानं डोळे पुसले. नंतर म्हणाला, "पत्ता द्या. मी माफी मागतो. पाया पडतो तिच्या."

"पत्र लिही. मी पोचवतो. तिला वाचावंसं वाटलं तर वाचेल."

"तुम्ही माझ्यात आणि माझ्या बायकोत येणार?"

"उशीर झालाय," मी म्हणालो, "पण येणार."

त्यानं टेबलावरचा पाण्याचा पेला उचलला. मी त्याच्या हाताकडे बघत होतो, आणि साठ वर्षांच्या आयुष्यात पहिल्यांदा मला माझ्याच मुलाची भीती वाटली. पेला त्यानं फेकला नाही. परत ठेवला. पण माझा खांदा आक्रसला होता, आणि ते त्यानं पाहिलं. मला वाटतं, त्याला सगळ्यात जास्त तेच लागलं.

मी त्याला सांगितलं की वरच्या खोल्यांत तो राहणार नाही. डॉक्टरकडे जायचं असेल तर मी बरोबर येईन, कुठंही, कितीही दिवस. तो म्हणाला, "मला वेडा ठरवताय?" बॅग उचलली. दारातून परत वळला. वाटलं, काही बोलेल. "तुमच्या रक्तदाबाच्या गोळ्या संपत आल्यात," म्हणाला, आणि गेला.

१४ मार्च, रविवार

पुष्करचं पत्र नाही. फोनही नाही. त्याच्या ऑफिसमधून कळलं की बदलीचा अर्ज त्यानं मागं घेतला.

टेम्पो करून मयूरीचं सामान साताऱ्याला पाठवलं. पलंग आणि टेबल तिच्या माहेरचंच होतं. बरोबर आकाराम आणि शालूबाई गेली. कपाट नको, असं मयूरीनं कळवलं होतं. ते आकारामनं फोडून सरपणाला नेलं.

कॉम्प्युटर लावला नाही. आता त्यात काही वाढवायचं नाही.

५ मे, बुधवार

सकाळी मयूरीचा फोन आला. सुट्टी लागली आहे, तिला पेपर तपासायचे आहेत. अपूर्वाला चार दिवस माझ्याकडे पाठवू का, असं विचारत होती. मी लगेच हो म्हणालो. दोन गाद्या उन्हात टाकतो म्हणालो, आंबे आणून ठेवतो म्हणालो.

तिनं जपून, एकेक शब्द जुळवत विचारलं, "बाबा, घरी आणखी कुणी नसेल ना?"

"नाही."

"अचानक कुणी येणार नाही?"

पुष्करला जाऊन शंभर दिवस होतील. रोज फाटक वाजलं की मी उठतो. पोस्टमन असतो, नाही तर दूधवाला.

"कुणी येणार नाही," मी म्हणालो. "मी एकटाच असतो."

"नक्की?"

"नक्की. आला तरी दार उघडणार नाही."

शनिवारी सकाळच्या गाडीनं मयूरी स्वतः तिला आणून सोडणार आहे. मी स्टँडवर जाणार आहे. आंबे आज सांगून ठेवले. फोन ठेवल्यावर मात्र मी बराच वेळ देवापुढं उभा होतो, आणि काय मागावं ते मला सुचलं नाही.